आमचं घर इकडे, मतं तिकडे

माझी आई रागावली की ओरडायची नाही. ती समोरच्या माणसाला शांतपणे विचारायची, "काय म्हणालात?" तिला ऐकू गेलेलं असायचं. पण त्या माणसाला त्याचंच वाक्य पुन्हा म्हणायला लावण्यात तिला मोठं समाधान होतं. बहुतेक माणसं दुसऱ्या खेपेला ते वाक्य जरा मऊ करून म्हणत. साहेबांनी तसं केलं नाही, आणि तिथूनच सगळं सुरू झालं.

साहेब म्हणजे स्टेशनकडे जमिनीच्या धंद्यात नव्याने वर आलेले एक गृहस्थ. मूळचे कुठले ते आम्हाला माहीत नव्हतं. गोखिवऱ्याला त्यांचं गोडाऊन होतं, अंगात कायम पांढरा सफारी असायचा, आणि तालुक्यातल्या कुठल्या गावात कुणाची किती मतं हे त्यांना तोंडपाठ होतं. आणीबाणी उठून गेल्यानंतरची ती वर्षं. मतदानाला पुन्हा जरा चव आली होती आणि आमच्या ग्रामपंचायतीची निवडणूक तोंडावर होती. साहेबांनी गावासाठी पॅनेल बांधलं होतं, आणि ते सांगायला ते आमच्या ओटीवर येऊन बसले होते.

"तुमच्या ख्रिस्ती समाजाला आम्ही एक जागा दिलीय," ते माझ्या बाबांना म्हणाले. "चर्चच्या वॉर्डातली. एकदम सेफ. तुम्ही उभे राहा."

आई दारात उभी होती. "काय म्हणालात?"

"तुमच्या समाजाला एक जागा दिलीय, वहिनी," साहेब तितक्याच प्रसन्नपणे म्हणाले.

आमचं गाव नंदाखालच्या बाजूचं. केळी, नारळ आणि फुलांच्या वाड्यांचं. वाड्या संपतात आणि खार सुरू होते, म्हणजे खाडीकडची भाताची आणि मिठागरांची सखल जमीन, त्या टोकाला आमचं घर. पंचायतीच्या हिशेबात आमचं घर खारीच्या वॉर्डात पडायचं. तिथे ख्रिस्ती घरं मोजून बोटांवर, बाकी सगळी आमची हिंदू शेजारी मंडळी. देवळाचा वॉर्ड निराळा. आम्ही चर्चला देऊळच म्हणतो, आणि खारीतले लोक त्यांच्या मंदिराला देऊळ म्हणतात. पिढ्यान्‌पिढ्या दोघांपैकी कुणी चुकून दुसऱ्याच्या देवळात गेल्याचं ऐकिवात नाही.

"आम्ही राहतो खारीच्या वॉर्डात," आई म्हणाली. "उभं राहायचं तर तिथेच राहायला पाहिजे ना?"

"राहता तिथे, पण तुमची मतं नाहीत ना तिथे. तुमची मतं चर्चकडे."

"आमचं घर इकडे आणि मतं तिकडे कशी?"

साहेब हसले. मग त्यांनी विषय बदलायचा म्हणून, आणि मला वाटतं खरोखरच्या कौतुकाने, एक वाक्य टाकलं. "काही म्हणा वहिनी, तुम्ही लोक मराठी मात्र छान बोलता!"

हे वाक्य मी आयुष्यात नंतर अनेकदा ऐकलं. कॉलेजात ऐकलं, नोकरीच्या मुलाखतीत ऐकलं, शेजारच्या फ्लॅटमध्ये नव्याने राहायला आलेल्या बाईंच्या तोंडून ऐकलं. माझी आजी, पणजी ज्या भाषेत भांडल्या, रडल्या, जिच्यात त्यांनी देवाची प्रार्थना केली, ती भाषा मला छान येते याचं लोकांना नवल वाटतं. अजूनही हे वाक्य ऐकलं की माझ्या कानशिलात कळ जाते. आईच्या बहुतेक डोक्यात गेली.

"तुम्ही पण बरं बोलता," ती साहेबांना म्हणाली. "कुठे शिकलात?"

बाबा चहाच्या कपात बघत बसले. माझे बाबा केळीच्या बागेत एकटे असले की मनसोक्त गायचे, पण चार माणसांत त्यांच्या तोंडून शब्द फुटायचा नाही. साहेब गेल्यावर ते आईला म्हणाले, "माझ्याच्यानं भाषण नाय व्हायचं. तुला यवढं बोलायचं हाय तर तूच ऱ्हा उभी." त्यांना वाटलं होतं, हा विनोद झाला. दुसऱ्या दिवशी आई त्यांना घेऊन फॉर्म भरायला गेली. खारीच्या वॉर्डातून, स्वतंत्र उमेदवार म्हणून.

तिला पंचायतीत जाऊन काय करायचं होतं ते साधं होतं. नळाची लाईन देवळापर्यंत आली होती आणि तिथेच थांबणार होती. खारीतल्या विहिरी होळीच्या आधीच मचूळ व्हायच्या. मग तिकडच्या बायका हंडे-कळशा घेऊन आमच्या वाडीतल्या विहिरीवर यायच्या. विहिरीवर रोज गप्पा व्हायच्या, भांडणं व्हायची, सुनांच्या तक्रारी व्हायच्या. लाईन खारीपर्यंत न्यायची, हे आईचं एकच म्हणणं. पण खरं सांगायचं तर पाणी हे अर्धंच कारण होतं. उरलेला अर्धा राग होता. मला त्या रागाचा तेव्हाही अभिमान होता आणि आजही आहे.

पहिला विरोध आमच्याच माणसांकडून आला. एका रविवारी मिस्सा, म्हणजे देवळातली उपासना, झाल्यावर आवारात काकांनी आईला थांबवलं. काका म्हणजे आमच्या नात्याचे कुणी नव्हेत. मोठ्या वाडीचे मालक, देवळाच्या कामात कायम पुढे, सगळं गाव त्यांना काका म्हणायचं. बाबा नको म्हणाल्यावर साहेबांनी ती 'समाजाची जागा' काकांना दिली होती. त्यांच्यामागे आणखी चारपाच माणसं उभी होती, सगळी चांगल्या शर्टातली.

"तू नाव मागे घे," काका म्हणाले. "साहेब नाराज झालेत. म्हणतात, एका समाजाला दोन दोन जागा मागता का? तुझ्यापायी आपली आहे ती एक जागा पण जायची."

"मी कुणाकडे जागा मागितली नाय, काका. मी मतं मागते."

"तिथे तुला कोन देनार मतं? तू त्यांची थोडीच?"

"मग मी कोनाची?"

"हे बघ," काका आवाज खाली आणून म्हणाले, आणि मला आठवतं, ते मनापासून बोलत होते. "आपण थोडे आहोत. थोड्यांनी एकत्र ऱ्हावं, मिळतंय ते घ्यावं, आणि कुनाच्या डोळ्यावर येऊ नये. माझ्या बापानं असंच केलं. त्याच्यामुळे आपण सुखात आहोत."

आईने मला खूण केली आणि निघाली. घरी येताना वाटेत मात्र बोलत राहिली, माझ्याशी नव्हे, वाटेतल्या कुंपणांशी. "मिळतंय ते घ्यावं. देणारा कोण? कुणाच्या घरचं देतोय?" मी तेव्हा सतरा-अठराची होते. 'अल्पसंख्याक' हा शब्द मी पुस्तकात वाचला होता, पण तो आपल्याला लागू असेल हे त्या दिवशी पहिल्यांदा डोक्यात शिरलं. तोवर मी कधी मोजलंच नव्हतं. गावात किती वाड्या, किती विहिरी, किती आंबे हे सांगता आलं असतं. आम्ही किती आणि ते किती, हे मोजायची कल्पना बाहेरून कुणीतरी घेऊन आलं आणि आमच्या काकांनी ती ओटीवर चटई टाकून बसवली. मला त्या रविवारी काकांचा भयंकर राग आला. पुढे कमी झाला, कारण पुढे काकांनी जे केलं ते तसंच होतं.

आईने प्रचार सुरू केला. तिच्याकडे गाडी नव्हती, कर्णा नव्हता, पत्रकं नव्हती. निशाणी मिळाली होती सायकल, आणि तिला सायकल चालवता येत नव्हती. उन्हं कलली की ती लाल काठाचं चांगलं लुगडं नेसायची, बाबा पांढरा सदरा घालून तिच्यामागे चालायचे आणि त्यांच्यामागे मी. आई हुशारीने सुरुवात लांबून करायची. खारीच्या पार टोकाची घरं, बांधावरची घरं, आदिवासी पाडा. जिथे तिला कुणी नीट ओळखत नव्हतं तिथे ती आधी गेली आणि पुन्हा पुन्हा गेली. आमच्या विहिरीवर पाणी भरायला येणाऱ्या बायकांची आळी तर आमच्या कुंपणाला लागूनच होती. तिथे जायचा प्रश्नच नव्हता. त्या रोज सकाळी भेटत होत्या.

लांबच्या घरांत लोकांनी आईला नीट वागवलं. गूळपाणी दिलं, बसायला पाट दिला. एका म्हाताऱ्याने विचारलं, "पन तुमच्या फादरनं सांगितलं का तुला उभं ऱ्हायला?" आई म्हणाली, "फादरला अजून धड माहीत पन नाय." म्हातारा खूश झाला. दुसऱ्या एका घरात तरण्या पोराने तोंडावर सांगितलं, "आमी आपल्या मानसाला देनार." आई म्हणाली, "दे की. पन तुझा मानूस पानी आननार का ते इचार त्याला." असल्या घरातून बाहेर पडलं की मी खट्टू व्हायचे. आई व्हायची नाही. तोंडावर सांगणारा माणूस तिला आवडायचा.

साहेबांच्या पॅनेलचा खारीतला उमेदवार हा तिथल्याच मोठ्या घरातला. माणूस वाईट नव्हता. फार बोलायचा नाही, बायकोला बरोबर घेऊन फिरायचा. त्याच्या बाजूने बोलायला साहेबांची माणसं होती, आणि ती एकच गोष्ट बोलायची: आपलं मत आपल्या माणसाला. 'आपला' या शब्दाचा मला तेव्हा वीट आला.

मग ते मटण झालं.

ही हकिगत आमच्या गावात अजून सांगतात आणि प्रत्येक जण त्यात स्वतःची भर घालतो, म्हणून मी डोळ्यांनी पाहिलं तेवढंच सांगते. आई माघार घेत नाही म्हटल्यावर साहेबांना वाटलं, निदान देवळाकडची मतं तरी घट्ट करावीत. त्यांनी काकांच्या वाडीत ख्रिस्ती घरांना जेवण ठेवलं. चांदीपहून बोकड आणले. मोठाले टोप चढवले. नारळाच्या झाडाखाली गोणपाटाने झाकलेली खोकी होती, त्यांत बाटल्या. मंडप, सतरंज्या, सगळं झोकात. संध्याकाळी देवळाकडचा सगळा पुरुषवर्ग आला. आम्ही बायका-मुली बाजूला उभ्या. आईही आली होती, मुद्दाम आली होती.

तो शुक्रवार होता. आणि उपवासकाळ चालू होता.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. राखेच्या बुधवारपासून ईस्टरपर्यंत आमचे उपवासाचे दिवस. त्यातल्या शुक्रवारी मटणाला हात लावत नाहीत. लहान पोरालाही ठाऊक असतं. एरवी देवळाची पायरी न चढणारा माणूससुद्धा त्या शुक्रवारी घरी वालाचं बिरडं खातो. हे एखाद्याला माहीत नसणं हा गुन्हा नाही. पण आमची किती मतं, कुठल्या आळीत किती, हे ज्याला झोपेतून उठवलं तरी सांगता येतं, त्याला एवढं एक विचारावंसं वाटलं नव्हतं.

पानं मांडली. वाढपी साहेबांचे. टोपाचं झाकण काढलं आणि वास सगळ्या वाडीभर पसरला. वास सुंदर होता, हे कबूल करायलाच हवं. कुणी हलेना. साहेब हसत हसत पंगतीतून फिरत होते. "घ्या, लाजू नका. तुमच्यात सगळं चालतं ना! तिकडे झाडाखालीपण सोय आहे." कुणी वर बघेना. ज्यांनी आयुष्यात लाजणं हा प्रकार केला नव्हता ती माणसं पानातल्या मिठाकडे टक लावून बसली होती.

मी काकांकडे बघत होते. ते पहिल्या पानावर होते. यजमानाच्या वाडीत यजमानाच्याच पानात मटण वाढलेलं. त्यांनी खाल्लं तर सगळ्यांनी खाल्लं असतं. साहेब नाराज होऊ नयेत म्हणून खाल्लं असतं, आणि घरी जाऊन कुणी कुणाशी बोललं नसतं. काकांचा चेहरा लालबुंद झाला होता. त्यांनी पानाला हात जोडले, उठले आणि म्हणाले, "साहेब, आज शुक्रवार."

"मग? शुक्रवारी काय?" साहेबांनी विचारलं.

 काका सरळ विहिरीकडे गेले आणि त्यांनी हात धुतले, न जेवता. मग एकेक करून सगळी पंगत उठली. कुणी भांडलं नाही, कुणी घोषणा दिली नाही. माणसं हात धुऊन घरी गेली. आई माझा दंड धरून उभी होती, आणि तिच्या बोटांचे वळ दुसऱ्या दिवशीही माझ्या दंडावर होते.

टोप भरलेलेच राहिले. साहेबांच्या माणसांनी ते बैलगाडीवर घालून आमच्या कुंपणापलीकडच्या आळीत नेले. तिथे शुक्रवारचं काही नव्हतं. आळी पोट भरून जेवली आणि आम्हाला आमच्या ओटीवरून त्यांचं हसणं ऐकू येत राहिलं. बाबा म्हणाले, "वाया नाय गेलं ते बरं झालं." त्यांचं मन मोठं होतं, आणि बिरडं त्यांना कधीच आवडलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी काका आमच्याकडे आले. ओटीवर बसले नाहीत, उभेच राहिले. "मी साहेबांना सांगून आलो," ते म्हणाले. "तुमच्या पॅनेलमध्ये मी नाही. माझ्या जिवावर उभा राहीन. आणि तू पन आता मागे हटू नकोस." मग म्हणाले, "सगळ्यांच्या देखत पानावरनं उठावं लागलं. माझ्याच वाडीत." त्यांचे डोळे भरले होते. आईने त्यांना बळेच बसवलं आणि चहा दिला.

मतदान झालं. मोजणी झाली. काका त्यांच्या वॉर्डात आरामात निवडून आले. आई पडली.

थोडक्यात पडली. एवढी थोडक्यात की आमच्या कुंपणालगतची आळी जर तिच्या बाजूने असती तर ती आली असती. पेटीवार आकडे वाचता वाचता हे तिला कळलं असावं, कारण ती एकदम उठून घरात गेली. बांधावरच्या लांबच्या लोकांनी तिला मतं दिली होती. पाड्यावरून मतं आली होती. आणि ज्यांच्याशी ती रोज बोलत होती त्यांनी दिली नव्हती.

त्यानंतरचे दिवस मला निवडणुकीपेक्षा जड गेले. आईला हरण्याचं दुःख नव्हतं. तिला भीती अशी होती की साहेबांचंच खरं ठरलं. घर इकडे आणि मतं तिकडे. भेटायला येणारा प्रत्येक माणूस, अगदी प्रेमाने, तेच म्हणायचा. शेवटी जो तो आपल्याचाच. आपण कितीही जीव लावला तरी वेळ आली की आपण किरिस्तावच. आई कुणालाही "काय म्हणालात?" असं विचारत नव्हती. मी पहिल्यांदाच तिला एखादं वाक्य एकदाच ऐकून घेताना पाहत होते, आणि मला धाय मोकलून रडावंसं वाटत होतं.

त्यातच साहेबांचा निरोप आला. त्या काळी बाईमाणसासाठी एखादी जागा नंतर नेमणुकीने भरायची सोय होती. साहेब म्हणत होते, वहिनींना आम्ही घेतो. बाई म्हणूनही होईल आणि ख्रिस्ती समाजालाही न्याय मिळाल्यासारखं होईल. काकासुद्धा म्हणाले, "घे. पाण्याचं काम तरी करता येईल." आई नाही म्हणाली नाही. "बघते," म्हणाली. माझ्या आईच्या तोंडी तो शब्द मी त्याआधी ऐकलाच नव्हता.

साहेब रविवारी येणार होते. त्याच सकाळी खारीतली मावशी विहिरीवर आली. ही मावशी म्हणजे कुंपणापलीकडच्या आळीतली सगळ्यांत वडील बाई. अंगाने काटक, जिभेने त्याहून काटक. आळीतल्या बायका तिच्या शब्दाबाहेर नव्हत्या. निकालानंतर त्या साऱ्या जणी पाणी भरून खाली मान घालून जात होत्या. आईही बोलत नव्हती. त्या सकाळी मात्र आईच्याने राहवलं नाही. तिने मावशीच्या कळशीवर हात ठेवला.

"तू मला मत दिलंस काय गो?"

"नाय," मावशी म्हणाली. "आमच्या आळीत कोनीच नाय दिलं. मीच सांगितलं व्हतं, देवचा नाय."

मी विहिरीच्या कठड्याशी उभी होते. 

"मी किरिस्ताव म्हनून?" आईने विचारलं.

मावशीने तिच्याकडे असं बघितलं की जणू आईला ताप आला असावा. "किरिस्ताव तर तू जल्मापासनं हायस. ते काय आमाला आता कललं?"

"मग?"

"तू आमच्या दाराशी आलीस?"

आईने कळशीवरचा हात काढला.

"बांधावर गेलीस. पाड्यावर गेलीस. तिकडं दोन दोन टायमाला गेलीस. आमच्या आळीत पाय ठेवलास? घरात लगीन निघालं तर सख्ख्या भावाच्या दाराशी पन आवतन द्यायला जातो का नाय आपन? सुपारी ठेवतो का नाय? आवतन नाय तर भाऊ पन मांडवात येत नाय. त्यो दुसरा आला. बायकोला घेऊन उंबऱ्याशी उभा ऱ्हायला, हात जोडले. तू रोज हितं भेटतेस, तुला वाटलं, ह्या काय, आपल्याच हायत." मावशीचा आवाज चढला होता आणि त्यात खरोखरचं दुखणं होतं. "तुझ्या हिरीचं पानी भरतो म्हनून मत पन तुझ्याच कलशीत टाकाचं?"

विहिरीवरच्या सगळ्या बायका थांबल्या होत्या.  आणि आई हसायला लागली. आधी हळू, मग पोट धरून, मग कठड्यावर बसून. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. मावशी आधी आणखी भडकली, "हसतेस काय गो मेले!" आणि मग तिलाही आवरेना. मला काही कळत नव्हतं. आत्ता, तिच्या त्या वयाच्या पुढे आल्यावर, कळतं. आपण परके म्हणून पडलो, हे ओझं घेऊन ती इतके दिवस वावरत होती. आणि पडली होती ती मानपान चुकला म्हणून. जशी गावातली कुणीही पडली असती तशी.

मी भाबडी नाही. खारीत धर्म बघून मत देणारेही असणारच. त्या तरण्या पोराने तर तोंडावर सांगितलं होतं. पण आईला जिंकवू शकली असती ती आळी रुसली होती, आणि रुसायला माणूस आपलं असावं लागतं.

साहेब दुपारी आले. त्याच ओटीवर, त्याच खुर्चीत बसले. नेमणुकीचं सांगितलं. "तुमच्या समाजावर अन्याय झाला असं कुणाला वाटायला नको," ते म्हणाले.

"काय म्हणालात?" आई म्हणाली. बाबांनी चटकन मान वर केली.

साहेबांनी पुन्हा सांगितलं, शब्द न बदलता.

"मला समाजानं नाही पाडलं, साहेब, धर्मानंही नाही," आई म्हणाली. "मला माझ्या शेजारणींनी पाडलंय. तो आमचा आपसातला मामला आहे. मध्ये तुम्ही जागा देऊन पडू नका."

"अहो, पण पुन्हा उभ्या राहून पुन्हा पडलात तर?"

"पडेन की. बाकीचे पडतात तशी पडेन."

साहेबांना हे सगळं तिरपागडं वाटलं असावं. चहा अर्धा टाकून ते उठले. त्यांची गाडी वळणापलीकडे जाईपर्यंतही आई थांबली नाही. तिने लाल काठाचं लुगडं नेसलं, सुपाऱ्या ओच्यात घेतल्या, बाबांना सदरा घालायला लावला आणि कुंपणापलीकडच्या पहिल्या दारापासून पुढच्या निवडणुकीचं आवतण द्यायला निघाली.